छबंदरचे गुरुजी

राठोड गुरुजी सकाळच्या पहिल्या तासाला वर्गात शिरत, टोपी काढून टेबलावर ठेवत, खुर्चीत बसत आणि म्हणत, "थकलो बाप्पा."

प्रार्थना नुकती कुठे संपलेली असे. बाकीची माणसं दिवस कलल्यावर थकतात, गुरुजी दिवसाची सुरुवातच तिथून करत. त्यांचं ते वाक्य ऐकलं की वर्ग आपोआप गप्प होई, कारण थकलेल्या माणसासमोर दंगा करण्यात काही मजा नसते. पुढे मास्तरकीत मी छड्या पाहिल्या, दरडावणं पाहिलं, पण वर्ग शांत करायची इतकी साधी युक्ती दुसरी पाहिली नाही. खरं सांगायचं तर ती युक्तीही नव्हती. ते खरोखरच थकलेले असत.

मी तेव्हा फुलसावंगीच्या शाळेत भूगोल शिकवत होतो. मी काळे, गाव यवतमाळ. नोकरी लागली म्हणून आनंद आणि फुलसावंगीत लागली म्हणून तोंड वाकडं, अशा अवस्थेत मी तिथं उतरलो होतो. माझ्या आणि गुरुजींच्या वर्गामध्ये बांबूचा तट्टा होता, शेणानं सारवलेला आणि वरून उघडा. त्यामुळे माझ्या मुलांना अर्धं गणित आणि त्यांच्या मुलांना अर्धा भूगोल फुकट मिळे. गुरुजींबद्दल मला जे ठाऊक आहे त्यातलं निम्मं त्या तट्ट्यापलीकडून ऐकलेलं आहे.

अंगानं ते उंच आणि किडकिडीत. पायात टायरच्या चपला. त्यांचा बंजाऱ्यांचा तांडा गावाबाहेर होता आणि तिथून ते शेतं तुडवत येत. तांड्यातले ते पहिले मॅट्रिक. हा मान मोठा खरा, पण चांगल्या बैलालाच जास्त ओढायला लावतात तशातली गत. कोणाचं पोर तापानं फणफणलं, कोणाची सोयरीक मोडली, कोणाला तहसिलीत जायचं आहे, की तांड्याचा नायक म्हणे, "मास्तरले बलाव." पहाटे स्वतःचं वावर, मग तांड्याच्या भानगडी, मग शाळा. प्रार्थनेनंतर माणूस थकणार नाही तर काय करील?

छप्पन साली आम्ही रात्री मध्य प्रदेशात झोपलो आणि सकाळी मुंबई राज्यात उठलो. आमची राजधानी नागपूरहून उठून मुंबईला गेली. ज्यांनी पैनगंगेहून मोठं पाणी पाहिलं नव्हतं त्यांना एका रात्रीत समुद्र मिळाला. गावात कोणाला त्याचं विशेष वाटलं नाही. पण समुद्रापाठोपाठ यथावकाश नवी पुस्तकं आली, आणि पंचाईत तिथं झाली.

तट्ट्यापलीकडे गुरुजी नवं उदाहरण वाचत होते. "एका बंदरातून दोन जहाजे एकाच वेळी निघतात." वर्ग खो खो हसायला लागला.

"काहून हासून राह्यले बे?"

"गुरुजी, बंदरातून जहाज कसं निघन?" एक जण म्हणाला. "अन् तेही दोन दोन!"

आमच्याकडे बंदर म्हणजे हिंदीतलं. झाडावर बसतं ते. माकडाच्या पोटातून दोन जहाजं निघालेली डोळ्यांपुढे आणून माझाही वर्ग हसला आणि मलाही राहवलं नाही. पुढचं उदाहरण भरतीचं होतं. "समुद्राला भरती आली असता" एवढं वाचताच कोणीतरी विचारलं, "पोलिसाची का मिलिटरीची?" गुरुजींनी पुस्तक मिटलं. मग ते म्हणाले, "पुस्तकातला समुद्र राहू द्या. आपुन आपला करू."

दुसऱ्या दिवशी ते गेरू, चुना आणि दोरी घेऊन आले. वर्गाच्या मागच्या मातीच्या भिंतीवर खिळा ठोकला, दोरीला खडू बांधला आणि एक सुबक गोलाई काढली. हा किनारा. त्याच्या एका बाजूला चुन्याची जमीन, दुसऱ्या बाजूला गेरूचा समुद्र. निळा रंग गावात मिळत नव्हता. "बीजगणितात जे माहीत नसते त्याले आपुन काय म्हणतो? क्ष. आपल्याले बंदर माहीत नाही. म्हणून या मुलखाचं नाव क्षबंदर."

पण आमच्या मुलांची जीभ क्षला वळत नाही. "छबंदर," एक जण म्हणाला. त्याच्या शेजारचा ओरडला, "छे बंदर! सहा माकडं, गुरुजी!"

दुसरा मास्तर असता तर कान उपटता. गुरुजींनी खडू पुन्हा उचलला. "बराबर हाय," ते म्हणाले, "सहा बंदरं. एकेका बंदरावर एकेक माकड." आणि त्यांनी किनाऱ्यावर सहा माकडं काढली. अशा रीतीनं आमच्या समुद्रकाठच्या देशाची स्थापना एका चुकीवर झाली.

तो देश मी पाच-सहा वर्षं तट्ट्याआडून ऐकला. तिथले डोंगर त्रिकोणी होते. नदी फूटपट्टीसारखी सरळ होती आणि तिचं पाणी बारा महिने एकाच वेगानं वाहायचं. लाटा सारख्या अंतरानं येत. माकडांचं काम बंदरात आलेल्या नावा मोजायचं. पण ती खरा आकडा सांगत नसत, फक्त बाकी सांगत. पहिलं माकड नावांचे तीन-तीनचे गट करी आणि उरलेल्या सांगे, दुसरं पाच-पाचचे करी, तिसरं सात-सातचे. तेवढ्यावरून नावा किती ते मुलांनी ओळखायचं. सगळा वर्ग माकडांवर चिडे. गुरुजी म्हणत, "माकड खोटं बोलत नाही राजेहो. पुरतं सांगत नाही, इतलंच."

मैलाचे किलोमीटर झाले तेव्हा सगळी पुस्तकं पुन्हा बदलली. "छबंदरात मैलच राहू द्या," गुरुजी म्हणाले. "तथी सरकार पोचलं नाही अजून."

मला या देशाचा राग येई. भूगोलाच्या पेपरात मी पश्चिम किनाऱ्यावरची तीन बंदरं विचारली, तर एका पठ्ठ्यानं लिहिलं, "मुंबई, कांडला व छबंदर." मी उत्तरपत्रिका घेऊन गुरुजींकडे गेलो. त्यांनी ती वाचली आणि फार दिवसांनी हसले. "दोन बंदरं तुमचे, एक माहं," ते म्हणाले. "दोन तृतीयांश मार्क द्या न."

पावसाळ्यात भिंतीला ओल आली आणि किनाऱ्याचे पोपडे निघाले. सुबक गोलाई गेली, तिथं खाचा पडल्या, खाड्या झाल्या. मला वाटलं, आता ते भिंत लिंपून नवा किनारा काढतील. पण त्यांना तो फुटका किनाराच आवडला. एकदा मधल्या सुट्टीत त्यांनी मला बोलावलं. "काळेजी, आपल्या देशाचा किनारा किती हो?" मी पुस्तकातला आकडा सांगितला. "कोणत्या काठीनं मोजला?"

मला वाटलं चेष्टा करतायत. त्यांनी छडीनं भिंतीवरचा किनारा मोजून दाखवला. मग पेन्सिलीनं मोजला. पेन्सिल खाचांत शिरली आणि किनारा वाढला. मग काडेपेटीतल्या काडीनं मोजायला घेतला, तो आणखी वाढला. "आता मुंगी चालली समजा," ते म्हणाले, "तिचा त सरनारच नाही."

"मग खरा किती?"

"तेच त मी इचारून राह्यलो." आणि खाली बसून म्हणाले, "थकाले होते बाप्पा."

जेवायला आम्ही शाळेच्या मागच्या निंबाखाली बसत असू. गुरुजींच्या फडक्यात ज्वारीची भाकर, ठेचा आणि वेगळ्या चिंधीत बांधलेले मिठाचे दोन-चार खडे असत. ते खडे त्यांची बायको न चुकता बांधून देई. पहिल्या घासाआधी ते एक खडा जिभेवर ठेवत आणि डोळे मिटत. मी कारण विचारलं तेव्हा कळलं की त्यांचे पूर्वज बैलांच्या पाठीवर माल लादून मुलूखभर फिरत. त्या फिरतीला ते लदेणी म्हणत. जाताना धान्य न्यायचं, येताना समुद्रकाठचं मीठ आणायचं. पुढे आगगाडी आली आणि बैल बसले. "माह्या पणज्यानं दर्या पाह्यला," ते म्हणाले, "आज्यानं नुसता आयकला, बाप इसरला, अन् मी भितीवर काढून राह्यलो." हे सांगताना आवाजात अभिमान नव्हता आणि दुःखही नव्हतं. उतरत्या भाजणीचं उदाहरण सांगावं तसं त्यांनी सांगितलं.

त्यांना एकच मुलगा होता, सुदाम. गणितात यथातथा, माझ्या भूगोलातही यथातथा. पण छबंदरचा तास असला की हा पुढे सरकून बसे आणि भलतंच काही विचारी. सगळा वर्ग माकडांची बाकी काढत असे, तेव्हा तट्ट्यापलीकडून त्याचा आवाज येई, "तथी वास कसा येते?"

"कायचा वास?"

"दर्याचा."

"वास गणितात येत नाही," गुरुजी म्हणत. "बाकी काढ."

सुदाम मॅट्रिकला गणितात नापास झाला. गुरुजी त्याला काही बोलले नाहीत, हे मला पक्कं ठाऊक आहे, कारण बोलायला लागणारी ताकद त्यांच्याकडे नसे. एका सकाळी तो तांड्याबाहेर पडला. बैल घेऊन येणाऱ्या एका म्हाताऱ्यानं वाटेत विचारलं, "कोठी चालला रे?" तो म्हणाला, "छबंदर पाहून येतो." म्हाताऱ्याला वाटलं, असेल एखादं जवळचं खेडं.

तो गेला तो गेलाच. ना चिठ्ठी, ना निरोप.

आठवड्यानं तांड्याचा नायक शाळेत आला. लाल पागोट्याचा, काठी टेकत चालणारा म्हातारा. तो शाळेत कधीच आलेला नव्हता. तो थेट गुरुजींच्या वर्गात शिरला आणि मागच्या भिंतीसमोर उभा राहिला. मी तट्ट्याच्या कडेनं पाहत होतो.

"हाच का तो दर्या?"

"हाच," गुरुजी म्हणाले.

"मास्तर, हे तुनं काहून काढलं? आपलं रगत चालनारं हाय. मोठ्या मुश्किलीनं बसवलं त्याले एका जागी. आपल्या पोराईसमोर दर्याचं नाव काढू नये, पाय सुटतात त्याईचे." मग तो जरा खाली आवाजात म्हणाला, "पुसून टाक आता."

गुरुजी उठले. कोपऱ्यातल्या मडक्यातलं पाणी फळ्याच्या फडक्यावर घेतलं आणि भिंतीजवळ गेले. त्यांनी फडकं वर उचललं आणि तसंच धरून उभे राहिले. पाणी कोपरावरून खाली गळत होतं.

"नायक, पुसतो," ते म्हणाले. "पन मग तो वापस कोठी येईन?"

नायक काठी टेकत निघून गेला आणि भिंत राहिली.

दिवाळीच्या सुट्टीत गुरुजी मुंबईला गेले. आयुष्यात आगगाडीत बसायची ती पहिली वेळ. कोणाला विचारायचं, कुठं शोधायचं, काही ठाऊक नव्हतं. बंदरावर जायचं एवढंच ठरलेलं होतं. सुट्टी संपली आणि ते परत आले तेव्हा गालफडं बसली होती. निंबाखाली आम्ही बसलो. मी मुलाबद्दल विचारलं नाही, तोंडावर उत्तर दिसत होतं. काहीतरी बोलायचं म्हणून विचारलं, "समुद्र पाहिला?"

"पाह्यला. दिवस दिवस उभा राहून पाह्यला." भाकरीचा तुकडा हातातच होता. "भरती घड्याळानं येते काळेजी. ते आपलं खरं निंगालं. किनाराबी आपल्या भितीवानीच फुटका हाय. पन वास येते हो. लय वास येते. कपड्याले लागते, भाकरीले लागते. पोरगं तेच इचारत होतं अन् मी म्हनो बाकी काढ."

मी पाण्याचा तांब्या पुढे केला. त्या दिवशी माझ्या लक्षात आलं की फडक्यात मिठाची चिंधी नव्हती. पुन्हा ती मला दिसलीही नाही. गुरुजींनी एवढंच सांगितलं की बायको म्हणते, त्या मिठानंच माझं पोरगं नेलं, आता खडे बांधणार नाही. ते मागतही नसत.

त्यानंतर ते शिकवत पहिल्यासारखंच, पण मी तट्ट्याआडचा माणूस, मला फरक कळे. वयाची उदाहरणं आली. बापाचं वय मुलाच्या तिप्पट आहे, किती वर्षांनी दुप्पट होईल? पलीकडे पोरगा मोठ्यानं वाचत होता. गुरुजी मध्येच म्हणाले, "हे उदाहरन सोडा. पुढचं घ्या." पुढचंही वयाचंच होतं. "तेही सोडा."

दुसरा फरक होड्यांचा. पूर्वी छबंदरची नाव या बंदरातून निघे, त्या बंदराला पोचे आणि उदाहरण संपे. आता प्रत्येक नाव परत यायला लागली. नदीनं खाली गेली असेल तर वर यायची. जाताना सुलट पाणी, येताना उलट पाणी. हे दोन्ही शब्द त्यांचेच. पुस्तकात विचारलेलं नसलं तरी परतीचा वेळ काढल्याशिवाय ते उदाहरण पुरं झालं असं मानत नसत. एका चुणचुणीत पोरानं कुरकुर केली, "गुरुजी, पुस्तकात जायाचंच इचारलं हाय."

"पुस्तकवाल्याले घाई असन," गुरुजी म्हणाले. "उलट्या पान्यातून याले टाइम लागते. पन नाव चालू असली त येते. मांड गणित."

मला ते ऐकवेना. मी माझ्या वर्गाला उगाच मोठ्या आवाजात नद्यांची नावं म्हणायला लावली.

गावातल्या माणसांना हे सगळं ठाऊक असून भेटल्यावर सवयीनं विचारल्याशिवाय राहवत नसे, "गुरुजी, बाकी कसं?" ते टोपी सारखी करत आणि म्हणत, "भागाकार झाला. बाकी आमी दोघं." विचारणारा हसायचं की नाही या घोळात पडे, तोवर गुरुजी पुढे गेलेले असत.

साठ साल आलं, आणखी एकदा राज्य बदललं, नकाशे पुन्हा नवे आले. पुढे दोन-तीन वर्षांनी माझी बदली वणीकडे झाली. निघताना मी त्यांच्या वर्गात गेलो. भिंतीवरचा किनारा आणखी झडला होता, पाच माकडं उरली होती आणि सहाव्याची नुसती शेपटी. मी म्हटलं, येत जा कधी वणीला. ते म्हणाले, "येतो न. थकवा उतरला की येतो." ते येणार नाहीत हे दोघांनाही कळत होतं. मला तेव्हा फार वाईट वाटलं. आजही वाटतं.

त्यांना मी पुन्हा एकदाच पाहिलं. मधे काही वर्षं गेली होती. कामासाठी पुसदला गेलो होतो आणि परतीच्या गाडीची वाट पाहत एस.टी. स्टँडवर उभा होतो. मार्च संपत आलेला, ऊन असं की पत्र्याखाली उभं राहवेना. समोरच्या बाकावर राठोड गुरुजी बसले होते. केस पार पिकलेले, टोपी गुडघ्यावर. शेजारी एक दाढी वाढलेला, काळवंडलेला तरुण त्यांच्या खांद्यावर डोकं टाकून गाढ झोपला होता. तोंड किंचित उघडं. त्याच्या मांडीवर गोणपाटाची लहान पिशवी, दोन्ही हातांनी धरलेली.

मी पुढे झालो आणि हाक मारायला तोंड उघडलं. गुरुजींनी मोकळ्या हाताचं बोट ओठावर ठेवलं.

मी जवळ गेलो. जवळ गेल्यावर तो तरुण कोण ते ओळखायला वेळ लागला नाही, कपाळ बापाचंच होतं. "कधी?" मी कुजबुजत विचारलं.

"आताच उतरला. मले सांगावा आलता." त्यांनी मानेनं पिशवी दाखवली. "मीठ आनलं म्हनते मायसाठी. आता तिले काय सांगू मी?"

तेवढ्यात फुलसावंगीची गाडी लागली. कंडक्टरनं गावांची नावं पुकारली, माणसं ट्रंका, बोचकी घेऊन धावली. मी म्हटलं, गुरुजी, उठा, तुमची गाडी. ते हलले नाहीत. कंडक्टरनं त्यांच्याकडे पाहून घंटीची दोरी हातात धरली, "मास्तर, येता काय?" त्यांनी मान हलवून नाही म्हटलं. गाडी धूळ उडवत निघून गेली. आता दुसरी संध्याकाळशिवाय नव्हती. त्या उन्हात, त्या पत्र्याखाली त्यांना तोवर तसंच बसावं लागणार होतं, आणि खांदा आत्ताच अवघडलेला दिसत होता.

"उठवायचं तरी," मी म्हणालो. "घरी जाऊन झोपला असता."

"झोपू द्या काळेजी," गुरुजी म्हणाले. "उलट्या पान्यातून आला."